पैकीच्या पैकी

भाषेचे पेपर तपासणाऱ्यांमध्ये एक अलिखित रिवाज आहे. गणिताला शंभरपैकी शंभर द्यायला कुणाची हरकत नसते. श्रुतलेखनालाही नसते. निबंधाला मात्र पैकीच्या पैकी गुण सहसा कुणी देत नाही. निबंध कितीही चांगला उतरला असला तरी एखादा गुण हातचा राखून ठेवायचा. का, असं विचारलं तर उत्तर ठरलेलं असतं : याहून चांगला निबंध उद्या आला तर त्याला काय देणार?

जिम्नॅस्टिक्सच्या पंचांचाही बराच काळ असाच रिवाज होता. कसरत दहापैकी तपासायची, आणि ९.८ किंवा ९.९ पर्यंत जाऊन थांबायचं. दहा हा आकडा कागदावर होता, पण तो क्षितिजासारखा. दिसतो, हाती येत नाही. हे इतकं गृहीत धरलेलं होतं, की १९७६ सालच्या माँट्रियल ऑलिंपिकसाठी विजेवर चालणारा गुणफलक बनवताना गुणांसाठी तीनच अंकांची जागा ठेवली गेली : एक अंक, दशांशचिन्ह, मग दोन अंक. ९.९५ दाखवायला एवढं पुरेसं आहे. १०.०० दाखवायला चार अंक लागतात. पण ते लागतीलच कशाला?

१८ जुलै १९७६ रोजी ते लागले. रुमानियाच्या संघातली ७३ क्रमांकाची मुलगी असमान उंचीच्या दोन दांड्यांवरची आपली कसरत संपवून खाली उतरली. वय १४ वर्षं ८ महिने, उंची सुमारे दीड मीटर, वजन ३९ किलोच्या आसपास. थोड्या वेळाने फलकावर गुण उमटले : १.००. प्रेक्षक गोंधळले. दहापैकी एक? एवढ्या सुरेख कसरतीला? मग ध्वनिक्षेपकावरून खुलासा झाला, की हा एक म्हणजे दहा आहे. दशांशचिन्ह एक घर डावीकडे सरकलं होतं, एवढंच. स्थानिक किंमत शिकवताना सांगायला याहून चांगली गोष्ट मला माहीत नाही.

त्या मुलीचं नाव नादिया कोमानेची. पुढच्या चार दिवसांत तिने आणखी सहा वेळा दहापैकी दहा मिळवले. दांड्यांवर एकूण चार वेळा आणि बीमवर, म्हणजे तोल सांभाळायच्या दहा सेंटिमीटर रुंद तुळईवर, तीन वेळा. सर्वांगीण स्पर्धेत ७९.२७५ गुणांनी ती पहिली आली. दुसऱ्या आलेल्या सोव्हिएत संघाच्या नेली किमचे गुण होते ७८.६७५. ज्या खेळात पदकं शतांशांवर ठरतात त्यात सहा दशांशांचं अंतर म्हणजे फारच झालं. नादिया माँट्रियलहून परतली ती तीन सुवर्ण, एक रौप्य आणि एक कांस्य पदक घेऊन.

ही गोष्ट सांगताना बहुतेक जण 'जगातले पहिले दहापैकी दहा' असं म्हणून टाकतात. ते खरं नाही. त्याच वर्षी मार्चमध्ये न्यूयॉर्कच्या स्पर्धेत नादियाला दहा मिळालेले होते. चेकोस्लोव्हाकियाच्या वेरा चास्लाव्स्काला १९६७ च्या युरोपीय स्पर्धेत मिळाले होते. आणि फार मागे, १९२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये, दोरावर ठरावीक वेळात चढून गेलेल्या पुरुषांनाही दहापैकी दहा दिले गेले होते. अर्थात तिथे घड्याळ लावून मोजायचं होतं. त्यात पंचांच्या मताचा प्रश्न नव्हता. माँट्रियलचं पहिलेपण असं, की ऑलिंपिकमध्ये महिलांच्या जिम्नॅस्टिक्सला दहा हा आकडा पहिल्यांदाच मिळाला.

आणखी एक बारकावा शिक्षकांनी लक्षात घ्यावा असा आहे. नादियाचा पहिला दहा ज्या कसरतीला मिळाला ती तिने स्वतः बसवलेली नव्हती. त्या काळी स्पर्धेचे दोन भाग असत. पहिल्या भागात सगळ्यांना एकच, आधीपासून ठरवून दिलेली कसरत करावी लागे; दुसऱ्या भागात प्रत्येकीने आपापली बसवलेली. पहिला भाग म्हणजे श्रुतलेखन, दुसरा म्हणजे निबंध. चार पंच स्वतंत्रपणे गुण देत, त्यातला सर्वांत वरचा आणि सर्वांत खालचा आकडा सोडून मधल्या दोघांची सरासरी काढली जाई. म्हणजे १० साठी मधल्या दोन्ही पंचांना वजा करण्याजोगी एकही चूक सापडता कामा नये. श्रुतलेखनात हे समजण्यासारखं आहे. पण दुसऱ्या दिवसापासून निबंधालाही दहा मिळू लागले, आणि राखून ठेवलेला तो गुण कायमचा खर्च झाला.

ओनेश्तीची मुलगी

रुमानियाच्या पूर्व भागात, कार्पेथियन डोंगरांच्या पायथ्याशी ओनेश्ती नावाचं गाव आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर तिथे खनिज तेलावर चालणारे रासायनिक कारखाने उभे राहिले आणि गावाचं औद्योगिक शहर झालं. १२ नोव्हेंबर १९६१ रोजी नादिया इथे जन्मली. वडील मोटार मेकॅनिक होते. मुलगी घरात स्वस्थ बसेना, म्हणून तिला बालवाडीच्या वयातच गावातल्या जिम्नॅस्टिक्सच्या क्लबात पाठवलं गेलं.

प्रसिद्ध कथा मात्र इथून सुरू होत नाही. ती सुरू होते शाळेच्या अंगणात. बेला कारोली नावाचे तरुण प्रशिक्षक मुली हेरत हिंडत होते. मधल्या सुट्टीत दोन चिमुरड्या हातांवर उलटून चाकासारख्या गरगर फिरत असलेल्या त्यांना दिसल्या. तेवढ्यात घंटा झाली आणि मुली गर्दीत नाहीशा झाल्या. मग कारोली वर्गावर्गांतून विचारत फिरले, आणि अखेर त्या सापडल्या. कथा सुंदर आहे आणि तिच्यात तथ्यही असेल. पण त्या मुली आधीपासून क्लबात शिकत होत्या, त्यांना पहिले धडे देणारे स्थानिक प्रशिक्षक होते, आणि ओनेश्तीत सरकारी पाठबळाने जिम्नॅस्टिक्सची प्रायोगिक शाळा उभी राहत होती, हे या कथेत गळून जातं. गुणी मूल एखाद्या द्रष्ट्या गुरूला अचानक गवसतं, ही कल्पना आपल्याला फार आवडते. मूल घडण्यामागे व्यायामशाळा, जेवणाची सोय, वेळापत्रक आणि पगारी शिक्षक असतात, हे सांगायला रंजक नसतं, म्हणून राहून जातं.

बेला आणि त्यांच्या पत्नी मार्ता यांच्या हाताखाली नादिया १९६८ च्या सुमारास शिकू लागली. १९६९ मध्ये पहिल्याच राष्ट्रीय कुमार स्पर्धेत तिचा तेरावा क्रमांक आला. पुन्हा कधी तेरावी येऊ नकोस, याची आठवण म्हणून कारोलींनी तिला एक बाहुली दिली, असं सांगतात. पुढच्याच वर्षी ती रुमानियाची राष्ट्रीय विजेती झाली. १९७५ मध्ये नॉर्वेतल्या शीन या गावी झालेल्या युरोपीय स्पर्धेत तेरा वर्षांच्या या मुलीने सर्वांगीण विजेतेपदासह चार सुवर्णपदकं घेतली. फक्त जमिनीवरच्या कसरतींत तिला रौप्य मिळालं. हरलेल्यांमध्ये म्यूनिकची ऑलिंपिक विजेती ल्युदमिला तुरिश्चेवा होती. माँट्रियलचा निकाल ज्यांना धक्कादायक वाटला त्यांनी शीनची बातमी वाचली नसावी.

लहान चणीचं गणित

यापूर्वी हा खेळ अशा लहान मुलींचा नव्हता. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये हंगेरीच्या आग्नेश केलेती यांनी चार सुवर्णपदकं जिंकली तेव्हा त्या ३५ वर्षांच्या होत्या. सोव्हिएत संघाच्या लारिसा लातिनिना १९५८ मध्ये गरोदर असताना जगज्जेत्या झाल्या. चास्लाव्स्काने १९६८ मध्ये मेक्सिकोत विजेतेपद राखलं ते २६ व्या वर्षी. या बायका होत्या. त्यांच्या कसरतींत नृत्याचा डौल अधिक आणि हवेतल्या गिरक्या कमी असत. १९७२ मध्ये म्यूनिकला १७ वर्षांची, त्याहून लहान दिसणारी ओल्गा कोर्बुत बीमवर उलटी कोलांटी मारून गेली, आणि दूरदर्शन संचांसमोर बसलेलं जग अवाक् झालं. तिथून वारं फिरलं.

का फिरलं, याचं अर्धं उत्तर भौतिकशास्त्रात आहे.

खेळाडूचे हात दांडीवरून सुटले की ती हवेत असताना तिला गती देणारं दुसरं काही उरत नाही. सुटताना मिळालेला कोनीय संवेग तेवढाच राहतो. तिच्या हातात एकच गोष्ट असते, ती म्हणजे शरीराचा आकार बदलणं. नादियाच्या नावाने ओळखली जाणारी एक कसरत आहे : वरच्या दांडीवरून शरीर मागे झोकून हात सोडायचे, पाय फाकवून हवेत पुढच्या दिशेने एक पूर्ण कोलांटी घ्यायची आणि तीच दांडी पुन्हा पकडायची. या सगळ्याला एक सेकंदही मिळत नाही. कंबरेत वाकून पाय जवळ घेतले की वस्तुमान फिरण्याच्या अक्षाजवळ येतं, जडत्व आघूर्ण (म्हणजे फिरण्याला होणारा विरोध) कमी होतं आणि फिरण्याचा वेग वाढतो. फिरत्या खुर्चीवर हात पसरून बसलेल्या विद्यार्थ्याने हात छातीशी घेतले की खुर्ची जोरात फिरू लागते, तो हाच प्रयोग.

आता शरीर मुळातच लहान असेल तर? वर्गात एक काठी घ्या. मधोमध धरून मनगटाने झपाझप डावी-उजवीकडे फिरवून पाहा. मग तीच काठी अर्धी कापून तसंच करा. फरक दुप्पट नाही, आठपट आहे : वस्तुमान निम्मं झालं, आणि लांबीच्या वर्गामुळे आणखी चौथा भाग.

माणसाच्या शरीराला हेच लावू. एक खेळाडू दुसरीपेक्षा सर्व बाजूंनी दहा टक्के लहान आहे असं समजा. तिच्या स्नायूंची ताकद त्यांच्या छेदाच्या क्षेत्रफळावर अवलंबून, म्हणजे ०.९ चा वर्ग, ०.८१. तिचं वजन ०.९ चा घन, ०.७३. ताकद १९ टक्क्यांनी घटली पण वजन २७ टक्क्यांनी, त्यामुळे स्वतःचं वजन पेलण्याच्या बाबतीत ती ११ टक्क्यांनी वरचढ ठरली. जडत्व आघूर्ण लांबीच्या पाचव्या घातानुसार बदलतं. ते उरलं ०.५९. स्नायूंकडून मिळणारी ऊर्जा वजनाच्याच प्रमाणात घटते असं धरलं, तर फिरण्याचा वेग पुन्हा सुमारे ११ टक्क्यांनी वाढतो. उडीची उंची मात्र कमी होत नाही, कारण ऊर्जा आणि वजन दोन्ही सारखीच घटलेली असतात. म्हणजे हवेतला वेळ तेवढाच आणि गिरकी जलद! खरं शरीर म्हणजे छोटं केलेलं चित्र नव्हे, त्यामुळे हे आकडे ढोबळच मानायचे. तरी दिशा बरोबर आहे. दोरीच्या मल्लखांबावर सडपातळ, लहान चणीची मुलं का खुलून दिसतात, हे ज्यांनी पाहिलं आहे त्यांना वेगळं सांगायला नको.

पण या गणितात एक गोष्ट नीट पाहायला हवी. त्यात लांबी आहे, वजन आहे, वय कुठेच नाही. लहान चण आणि लहान वय या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्रशिक्षकांनी त्या एक मानल्या. त्यात त्यांची सोयही होती. बारा-तेरा वर्षांची मुलगी सांगितलेलं ऐकते, घरापासून दूर राहते, जेवणाच्या ताटात काय असावं यावर वाद घालत नाही. बेतापेक्षा कमी खाणं आणि अतिश्रम एकत्र आले की मुलीचं वयात येणंही लांबतं. चण लहान ठेवायचा हा एक मार्गच झाला. कारोलींकडे शिकलेल्या अनेक रुमानियन मुलींनी मोठेपणी उपासमारीबद्दल आणि मारहाणीबद्दल जाहीरपणे सांगितलं आहे. माँट्रियलचा दहा आठवताना हेही आठवलं पाहिजे.

फलकाबाहेरचं

नादियाचं शरीर वाढायचं थांबलं नाही. १९७७ मध्ये प्राग इथल्या युरोपीय स्पर्धेत पंचांच्या निर्णयावरून वाद झाला आणि हुकूमशहा चाउशेस्कूच्या आदेशावरून रुमानियाचा संघ स्पर्धा अर्धवट सोडून परतला. त्यानंतर तिला कारोलींकडून काढून राजधानी बुखारेस्टला नेलं गेलं. आईवडिलांचा घटस्फोट झाला होता. १९७८ च्या जागतिक स्पर्धेत, स्ट्रासबर्गला, जगाला उंच आणि भरलेली नादिया दिसली. ती दांड्यांवरून पडली, सर्वांगीण स्पर्धेत चौथी आली. बीमचं सुवर्णपदक तिने तिथेही मिळवलं होतं. पण वर्तमानपत्रांत चर्चा झाली ती तिच्या वजनाची. सोळा वर्षांची मुलगी सोळा वर्षांची दिसते, ही बातमी कशी होऊ शकते हे मला आजतागायत कळलेलं नाही.

पुढच्या वर्षी अमेरिकेत फोर्ट वर्थला मनगटाच्या पट्ट्याच्या बकलाने झालेली जखम चिघळून ती रुग्णालयात गेली. तिथून परत येऊन ती बीमवर चढली, ९.९५ गुण मिळवले, आणि रुमानियाला पहिलं जागतिक सांघिक सुवर्णपदक मिळालं. १९८१ मध्ये अमेरिकेच्या दौऱ्यावर गेलेले कारोली दांपत्य परत आलं नाही. त्यानंतर नादियावरही गुप्त पोलिसांची पाळत बसली; परदेशी जाणं जवळजवळ बंद झालं. नोव्हेंबर १९८९ मध्ये एका रात्री ती काही जणांबरोबर पायी सीमा ओलांडून हंगेरीत शिरली आणि तिथून ऑस्ट्रियामार्गे अमेरिकेला गेली. काही आठवड्यांतच चाउशेस्कूची राजवट कोसळली.

इकडे दहाचं काय झालं? एकदा रिवाज मोडल्यावर तो मोडतच गेला. माँट्रियलमध्येच नेली किमला दोन दहा मिळाले. १९८० च्या दशकात ऑलिंपिकमध्ये दहांची रांग लागली. आपल्या परीक्षांत गुणवत्ता यादीच्या तळाशीच ९० टक्के दिसू लागले की काय होतं, ते इथे झालं : दोघींना दहा मिळाले तर त्यांच्यातली सरस कोण हे फलक सांगू शकेना. मग उठून दिसायचा एकच रस्ता उरला, अधिकाधिक अवघड कसरत. १९८० मध्ये मॉस्को ऑलिंपिकच्या तोंडावर सोव्हिएत जगज्जेती येलेना मुखिना, पायाचं हाड पुरतं बरं झालेलं नसताना, अशाच एका कसरतीचा सराव करताना हनुवटीवर पडली आणि वयाच्या विसाव्या वर्षी मानेखालचं शरीर कायमचं लुळं झालं. ती कसरत नंतर महिलांसाठी बंद केली गेली.

ऑलिंपिकमधले शेवटचे दहा १९९२ मध्ये बार्सिलोनाला दिले गेले. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये एका कसरतीचं काठिण्य पंचांनी चुकीचं धरल्यामुळे पुरुषांच्या सुवर्णपदकावरून मोठा वाद झाला, आणि २००६ पासून पद्धतच बदलली. आता दोन वेगळे गुण असतात. काठिण्याचे गुण शून्यापासून वर मोजत जायचे, जितकं अवघड कराल तितके मिळवायचे. सफाईचे गुण दहापासून खाली, चुकेल तेवढे वजा. दोन्हींची बेरीज. जुन्या पद्धतीत पंच फक्त लाल शाई वापरायचा. नव्या पद्धतीत काय लिहिलं आहे तेही मोजतो. २०१६ मध्ये रिओला त्रिपुराच्या दीपा कर्माकरच्या नावापुढे १५.०६६ हा आकडा पाहून आपल्याकडे अनेकांनी 'कितीपैकी?' असं विचारलं होतं. उत्तर आहे : कितीपैकीच नाही. तिच्या दोन उड्यांना १४.८६६ आणि १५.२६६ गुण मिळाले, त्यांची ही सरासरी. दुसरी उडी होती प्रोदुनोव्हा, जिचं काठिण्यच ७ गुणांचं होतं. कांस्यपदक ०.१५ ने हुकलं.

वयाचा नियमही बदलला. माँट्रियलच्या वेळी किमान वय १४ होतं. १९८१ पासून ते १५ झालं आणि १९९७ पासून १६, म्हणजे त्या वर्षाअखेर सोळा पूर्ण झाली पाहिजेत. त्यामुळे खेळ संपेल, गिरक्या मंदावतील अशी भीती घालणारे होते. पॅरिसला २०२४ मध्ये सर्वांगीण विजेती ठरलेली अमेरिकेची सिमोन बाइल्स २७ वर्षांची होती आणि तिच्या कसरती १९७६ च्या कोणाही मुलीच्या आवाक्याबाहेरच्या आहेत. तिची उंची सुमारे १४२ सेंटिमीटर. वरच्या गणितातली लांबी तिथे आहेच.

आजचा नियम १९७६ मध्ये असता तर नादिया माँट्रियलला उतरूच शकली नसती. तिची पहिली ऑलिंपिक स्पर्धा १९८० ची मॉस्को ठरली असती. तिथे ती अठरा वर्षांची, वाढ झालेली, बहुतेक प्रतिस्पर्ध्यांपेक्षा उंच अशी गेली होती. सर्वांगीण स्पर्धेत तिच्या शेवटच्या गुणांवरून पंचांचा वाद कितीतरी वेळ चालला आणि तिला रौप्य मिळालं. बीम आणि जमिनीवरच्या कसरती, या दोन्हींत मात्र सुवर्ण.